बघतंय कोण, आवाज वाढव

नमस्कार मंडळी, जेवणं झाली का? नसतील झाली तर पोळ्या लाटता लाटता ऐका, कारण आजचा विषय त्या पोळपाटापाशीच आहे.

झी मराठीवरची 'माझ्या नवऱ्याची बायको' मालिका आठवते ना? 2016 ला सुरू झाली ती 2021 च्या मार्चपर्यंत चालली, म्हणजे पहिलीतलं पोरगं पाचवी संपवत आलं तरी घरी बायको असून शनायाच्या नादी लागलेला गुरुनाथ काही सुधारला नाही. लॉजिक तर विचारूच नका. त्याची बायको राधिका घरच्या मसाल्यांवरून बघता बघता करोडोंच्या कंपनीची मालकीण, मध्येच शनायाचं तोंडच बदललं, ते काम करणारी रसिका सुनील गेली, ईशा केसकर आली, मग परत रसिकाच. आमच्या मावशीने दोन दिवस नाक मुरडलं आणि तिसऱ्या दिवसापासून नव्या शनायालाही त्याच जोमाने शिव्या चालू.

एकदा मी तिच्याकडे बसलो होतो तर अख्ख्या अर्ध्या तासात तिने टीव्हीकडे मान वळवली असेल चार-पाच वेळा. पाठ हॉलकडे, हातात लाटणं, तवा तापलेला, तरी एक शब्द सुटला नाही. सुटणार कसा हो? मालिकेत जो तो मनातलं मोठ्याने बोलतो, कट करायचा तर आधी स्वतःशीच सांगून टाकतो, आणि काही भयंकर घडलं की ढॅण ढॅण ढॅण, ते वाजलं की मावशी लाटण्यासकट दारात हजर. शहाणी माणसं म्हणतात किती पाल्हाळ, तेच तेच. अहो पण पोळी करपायला आली तर एखादं वाक्य हुकणारच, ते पुढच्या सीनमध्ये परत मिळतं, बरंच आहे की! आम्ही रेडिओवाले तरी वेगळं काय करतो.

आणि कानाचंच म्हणाल तर अनिता दातेची ती नागपूरची राधिका. तिच्या साध्या राहण्याबोलण्याची नवऱ्याला लाज, आणि ती त्याच वऱ्हाडी हेलात त्याला झापणार. मावशी काही विदर्भाची नाही, सासवडची. पण लग्नानंतर मुंबईत आली तेव्हा काकांनी मित्रांसमोर 'जरा नीट बोल' म्हटलेलं तिला अजून तारखेसकट पाठ आहे. राधिका बोलायला लागली की ती गॅस बारीक करायची.

मी विचारलं, मावशी, इतकं बोगस आहे तर बघतेस कशाला गं?

"बघतंय कोण? आवाज वाढव जरा."