पाण्याकडून बघायची राजधानी

मंडळी, नमस्कार. बँकॉकला जाऊन आलेले किती जण आहेत सभागृहात? बरेच हात दिसतात. आणि तिथून थायलंडच्या जुन्या राजधानीला, अयुत्थयाला गेलेले? आता चार-पाचच उरले. या चार-पाच जणांनी माझं बोलणं ऐकताना आपल्या आठवणींशी ताडून बघावं, अशी विनंती आहे.

मी पहिल्यांदा गेले ती मोठ्या बसमधून, एका सहल कंपनीच्या अर्ध्या दिवसाच्या फेरीत. तीन तासांत पाच देवळं होती. प्रत्येक ठिकाणी वीस मिनिटं, त्यातली दहा फोटोंची. एप्रिलचं ऊन होतं. विटांचे ढिगारे, मुंडकी नसलेल्या बुद्धमूर्ती, पुन्हा विटांचे ढिगारे. परतताना माझ्या शेजारच्या बाई म्हणाल्या, "सगळं सारखंच दिसतं हो." मला खूप वाईट वाटलं, कारण मलाही तसंच वाटत होतं. मी आयुष्यभर शाळेत इतिहास शिकवलेली बाई, आणि चारशे वर्षांहून अधिक काळ राजधानी असलेलं शहर मला विटांचा ढीग वाटावं! दोन वर्षांनी मी पुन्हा गेले. तेव्हाही तीनच तास होते, पण सुरुवात होडीतून केली. आज सांगायचंय ते त्या दुसऱ्या फेरीबद्दल.

सुरुवात नावापासून करते. अयुत्थया म्हणजे आपली अयोध्या. जिच्याशी युद्ध करून जिंकता येत नाही, ती. 1351 साली हे नगर वसवणाऱ्या राजानं नाव घेतलं रामाथिबोदी, म्हणजे रामाधिपती. आपल्याला तिथे एक मोठी सवलत आहे, ती बहुतेक मराठी पर्यटक वापरत नाहीत. पाट्यांवरची नावं मोठ्यानं वाचा. थाई उच्चारात अक्षरं गळतात, पण कान देऊन ऐकलं की शब्द ओळखू येतात. वाट म्हणजे त्यांच्याकडे देऊळ. वाट महाथात म्हणजे महाधातू, बुद्धाचे अवशेष जिथे ठेवले ते मंदिर. फ्रा सी सान्फेत म्हणजे श्री सर्वज्ञ. छायवत्थनाराम म्हणजे जयवर्धनाराम. शेजारचं लोपबुरी म्हणजे लवपुरी. आणि राजधानीला त्यांच्याकडे शब्द आहे रात्छाथानी. आमच्या गाईडताईंनी तो उच्चारला, मी "राजधानी" म्हटलं, आणि आम्ही दोघी एकमेकींकडे बघून हसलो. त्या क्षणापासून त्या माझ्याशी वेगळ्या बोलू लागल्या.

आता होडी. बँकॉकहून आगगाडीनं गेलात तर स्टेशन नदीच्या पूर्वेला येतं. समोर पा साक नदी असते आणि तरीतून पलीकडे जावं लागतं. दोन-तीन मिनिटांचं काम. बसनं जाणाऱ्यांना हे कळतच नाही, कारण बस पुलावरून जाते. पण त्या तरीत बसलं की लक्षात येतं, आपण एका बेटावर निघालोय. चाओ फ्राया, पा साक आणि लोपबुरी या तीन नद्या इथे एकत्र येतात. त्यांनी वेढलेली ही जमीन, आणि जिथे नदी नव्हती तिथे माणसांनी खंदक खणला. तटबंदी पाण्याला लागूनच होती. आतल्या बाजूला कालव्यांचं जाळं होतं; रस्त्यांइतकीच वाहतूक त्यांतून व्हायची.

हे पाणी फक्त रहदारीसाठी नव्हतं. पावसाळ्याच्या शेवटी, सप्टेंबर-ऑक्टोबरात, हा सगळा सपाट मुलूख पाण्याखाली जायचा. त्या पाण्यावर त्यांचा भात पिकायचा. तिथे एक भाताचा वाण असा आहे की पाणी चढेल तसा त्याचा काडा उंच वाढत जातो. कोकणातल्या मंडळींना हे ऐकून बघावंसं वाटेल. आणि याच पाण्यावर त्यांचं संरक्षण होतं. वेढा घालायला आलेल्या सैन्याला कोरड्या हंगामातच काय ते करून घ्यावं लागे. पूर आला की छावण्या बुडत आणि शत्रूला निघून जावं लागे. आपल्याकडे सह्याद्रीत गड जे काम करायचे, ते काम तिथे पूर करायचा.

मग शहर पडलं कसं? 1766 साली ब्रह्मदेशाच्या सैन्यानं वेढा घातला आणि पूर आल्यावर ते गेलंच नाही. उंचवट्यांवर तळ हलवले, नावा जमवल्या आणि पुराचे महिने काढले. पाणी ओसरल्यावर तटाखाली भुयारं खणली, पायाशी आग लावली. चौदा महिन्यांच्या वेढ्यानंतर 7 एप्रिल 1767 रोजी शहर पडलं. काळ कळावा म्हणून सांगते, तेव्हा पुण्यात माधवराव पेशवे होते आणि पानिपताला सहा वर्षं झाली होती.

हा प्रसंग बहुतेक फेऱ्यांमध्ये शेवटी, घाईत सांगतात. आमच्या ताईंनी तो होडीत, सुरुवातीलाच सांगितला. त्यामुळे पुढची प्रत्येक वीट मला वेगळी दिसली. कुठे काळं पडलंय, कुठे भिंत एका बाजूला झुकलीय, ते आपोआप नजरेत येऊ लागलं. तुम्हाला गाईड ठरवायचा असेल तर एवढंच विचारा, पाण्यावरून सुरुवात कराल का?

वाट महाथातमध्ये सगळी गर्दी एका झाडापाशी असते. झाडाच्या मुळांनी वेढलेलं दगडी बुद्धमुख. ते तिथे कसं आलं याच्या गोष्टी अनेक आहेत. चोरानं नेता नेता तिथे टाकलं असेल, असंही म्हणतात. फोटो काढायचा असेल तर खाली बसावं लागतं, आपलं डोकं बुद्धाच्या डोक्यापेक्षा वर असता कामा नये. रखवालदार तसं सांगतातही. मला तो नियम मनापासून आवडला. सगळ्या जगातले लोक येतात आणि त्या एका जागी निमूटपणे गुडघे टेकतात.

मात्र मुंडकी नसलेल्या मूर्तींबद्दल एक गोष्ट स्पष्ट सांगते. "ब्रह्मी सैनिकांनी तोडली" हे वाक्य तिथे सर्रास ऐकू येतं. 1767 ला विध्वंस झाला, लूट झाली, त्यात शंका नाही. पण त्यानंतर जवळपास दोनशे वर्षं हे अवशेष रानात पडून होते. पुरलेल्या सोन्याच्या आशेनं लोकांनी चैत्य, म्हणजे स्तूप, खणले, आणि बुद्धमुखांना परदेशी बाजारात किंमत येऊ लागल्यावर ती कापून विकली गेली. सगळं पाप एका शत्रूच्या माथी मारलं की गोष्ट सोपी होते, पण निम्मीच उरते. आपणही आपल्या पडक्या मंदिरांबद्दल हेच करतो, म्हणून मला ते लागलं.

महाथातच्या शेजारीच वाट रात्छबुराना. 1424 साली गादीसाठी दोन राजपुत्र हत्तींवरून एकमेकांशी लढले आणि दोघंही मेले. गादी मिळाली ती तिसऱ्या भावाला. त्यानं दोघांचं दहन जिथे केलं तिथे हे मंदिर बांधलं. त्याच्या शिखराच्या पोटात त्यानं सोन्याचा ठेवा पुरला होता. 1957 साली चोरांनी तो फोडला. बराचसा माल गेला, पण उरलेलंही डोळे दिपवणारं आहे. रत्नजडित मुठीची सोन्याची तलवार, सोन्याचा छोटा हत्ती. हे सगळं जवळच्या चाओ साम फ्राया संग्रहालयात ठेवलंय, ते 1961 साली उघडलं. मंदिरात सापडलेल्या, बुद्धाची प्रतिमा असलेल्या छोट्या मुद्रा देणगीदारांना देऊन त्याच्यासाठी पैसे उभे केले होते. तीन तासांच्या फेरीत हे संग्रहालय नसतं. मी आमच्या ताईंना एक मंदिर वगळायला सांगितलं आणि इथे चाळीस मिनिटं काढली. त्या सोन्याच्या हत्तीवर फुलांची नक्षी आहे, आणि त्याचं अंग खड्यांनी मढवलंय. तिथे उभं राहिल्यावर बाहेरच्या विटा एकेकाळी कशा सजल्या असतील याची कल्पना येते. नुसत्या विटा बघून ती येणं शक्य नाही.

फ्रा सी सान्फेतचे तीन चैत्य तुम्ही चित्रांत पाहिले असतील, तीन घंटा ओळीनं ठेवल्यासारखे. राजवाड्याचं खासगी मंदिर, भिक्षू तिथे राहत नसत. बँकॉकमधलं पाचूच्या बुद्धाचं मंदिर याच धर्तीवर आहे. इथे सोन्यानं मढवलेली, सोळा मीटर उंच उभी बुद्धमूर्ती होती. 1767 ला तिला आग लावून सोनं वितळवून नेलं. आता तिथे फक्त चौथरा आहे.

याच्या शेजारी एक इमारत आहे, तिच्याबद्दल थोडं थांबून बोलायचंय. मोंखोन बोफित विहार. म्हणजे मंगल बोफित म्हणा. आत काशाची भव्य बसलेली बुद्धमूर्ती आहे. 1767 च्या आगीत छप्पर कोसळलं आणि मूर्ती मोडली. पुढे कित्येक वर्षं ती उघड्यावर होती. 1950 च्या दशकात विहार पुन्हा बांधायचं ठरलं, तेव्हा ब्रह्मदेशाचे पंतप्रधान ऊ नू यांच्याकडून देणगी आली. ज्यांच्या सैन्यानं ते छप्पर जाळलं, त्या देशाकडून. जवळपास दोनशे वर्षांनी. आमच्या ताईंनी हे सांगताना आवाज अजिबात चढवला नाही, माहिती दिल्यासारखं सांगितलं. मी मात्र बाहेर येऊन पायरीवर बसले. मला बोलवेना.

आता नदीच्या पलीकडे. बेटाच्या दक्षिणेला, पाण्याच्या कडेनं, परक्यांच्या वस्त्या होत्या. राजानं त्यांना शहराबाहेर जागा दिली होती, प्रत्येकाची वस्ती आणि प्रत्येकाचं देऊळ वेगळं. जपानी, पोर्तुगीज, डच. डच कंपनी इथून हरणांची कातडी आणि रंगासाठी पतंग नावाच्या झाडाचं लाकूड जपानला न्यायची. इराणी आणि दक्षिण भारतीय व्यापारीही होते. कोरोमंडल किनाऱ्यावरून कापड यायचं, आणि इकडून बंगालच्या उपसागरापलीकडे हत्ती जायचे. होय, जहाजातून हत्ती!

पोर्तुगीजांचा धागा थेट आपल्या किनाऱ्याशी जुळतो. अल्बुकर्कनं 1510 साली गोवा घेतलं, 1511 साली मलाक्का, आणि मलाक्क्यातूनच अयुत्थयाला आपला दूत पाठवला. पुढे आशियातल्या त्यांच्या सगळ्या कारभाराची राजधानी गोवाच झाली. पोर्तुगीज वस्तीत 1984 साली उत्खनन सुरू झालं. चर्चचा पाया आणि दोनशेहून जास्त सांगाडे सापडले. काही सांगाडे तिथेच, छपराखाली, जसे होते तसे ठेवलेत. एवढ्या लांब येऊन मेलेली ही माणसं कोण असतील, असं मनात येतं.

पण त्या लोकांची जिवंत खूण बाजारात आहे. अंड्याच्या पिवळ्या बलकाची, साखरेच्या पाकातली मिठाई. थाँग योत म्हणजे सोन्याचे थेंब, फोइ थाँग म्हणजे सोन्याचे धागे. मूळ पोर्तुगीज. राजा नारायच्या दरबारातला ग्रीक मंत्री फॉल्कन याची बायको मारिया गुयोमार हिला परंपरेनं त्याचं श्रेय देतात. जपानी, पोर्तुगीज आणि बंगाली रक्ताची ही बाई. 1688 साली नवऱ्याला ठार मारलं, तिला कैद झाली, आणि पुढे ती राजवाड्याच्या स्वयंपाकघरात काम करत होती. गोव्यात बेबिंकात बलक घालतात, तो याच पोर्तुगीज सवयीतला. आज थायलंडमध्ये लग्नात हे सोन्याचे धागे लागतातच. वाढून ठेवलेले बघितले तर तुम्हाला शेवयाच वाटतील.

आणि मुसलमान बायका रस्त्याच्या कडेला रोटी साय माय विकतात. तव्यावरची पातळ हिरवट रोटी, आत आपल्याकडच्या म्हातारीच्या केसांसारखी साखरेची तार. घेऊन याच.

शेवटचं ठिकाण छायवत्थनाराम. पश्चिम काठावर, 1630 साली राजा प्रासात थाँग यानं आईच्या स्मरणार्थ बांधलेलं. मधलं उंच शिखर आणि भोवती लहान शिखरं, म्हणजे मेरू पर्वत. इथे संध्याकाळी यावं. हल्ली जुन्या पद्धतीचे कपडे भाड्यानं घेऊन कितीतरी थाई मुलंमुली इथे येतात. काही वर्षांपूर्वी नारायच्या काळावरची एक दूरचित्रवाणी मालिका खूप गाजली, तेव्हापासून हे वाढलं. काही जाणकार नाकं मुरडतात. मला तर त्या मुली रेशमी वस्त्रं सावरत विटांच्या पायऱ्या चढताना बघून बरं वाटलं.

2011 च्या पुरात हे मंदिर पाण्यात होतं. जे पाणी शहराला राखायचं, त्याच्यापासून आता मंदिर राखायला नदीकाठी भिंत घालावी लागते.

परतताना मी ताईंना विचारलं, उरलेलं शहर कुठे गेलं? राजवाडा, तट, घरं? त्या नदीच्या प्रवाहाकडे बोट करून म्हणाल्या, "खाली." 1782 साली बँकॉक राजधानी झाली तेव्हा तिथले तट आणि बुरूज बांधायला अयुत्थयाच्या विटा काढून नावांत भरून नेल्या. दुसऱ्या दिवशी मी बँकॉकला चाओ फ्रायाच्या काठावर फ्रा सुमेन किल्ल्यापाशी गेले. सुमेन म्हणजे सुमेरू. त्या जुन्या तटापैकी उरलेल्या बुरुजांमधला हा एक. पांढरा चुना दिलेला असल्यामुळे विटा दिसत नाहीत. मी भिंतीला हात लावून थोडा वेळ उभी राहिले. पलीकडे नदीतून एक मालवाहू पडाव उलट दिशेनं, अयुत्थयाकडे निघाला होता.