नऊ वाजताची भेट

नमस्कार श्रोतेहो.

एका माणसाची नऊ वाजता प्रेयसीशी भेट ठरलीय. खिशात दमडी नाही. मग काय, साहेबांकडून उचल घ्यायची, तिच्यासाठी गुलाबांचा गुच्छ घ्यायचा, मग सिनेमा, मग केकच्या दुकानात, मग चांदण्यात फेरफटका. हा सगळा बेत एका पोलिश गाण्यात आहे. गाणं 1937 सालचं, संगीत हेन्रिक वार्सचं. गाणारा नट एउगेनिउश बोदो.

ज्या चित्रपटातलं हे गाणं, त्याच्या नावाचा अर्थ ‘एक मजला वर’. एकाच इमारतीत, एकाच आडनावाचे दोघं राहतात. आडनाव पाँचेक, म्हणजे पोलिश भाषेत तळलेला गोड गोळा. खालच्या मजल्यावरच्या म्हाताऱ्या घरमालकाला शास्त्रीय संगीताचं वेड, वरच्या तरुण भाडेकरूला जाझचं. म्हाताऱ्याची पुतणी सामान घेऊन येते ती नेमकी वरच्या पाँचेककडे. पुढचं तुम्ही ओळखलंच असेल. आणि हा वरचा पाँचेक काय काम करतो? रेडिओवर निवेदक आहे! तेव्हा माझा या माणसावर जरा जास्तच जीव आहे, हे आधीच कबूल करतो.

याच चित्रपटात बोदो एका प्रसंगात बाईच्या वेषात येतो. अमेरिकन नटी मे वेस्टची नक्कल. अंगाला घट्ट बसलेला झगा, सोनेरी केस, पिसं, आणि डोळे अर्धे मिटून ठसक्यात म्हटलेलं गाणं. आपल्याकडे बालगंधर्वांमुळे पुरुषाने स्त्री साकारणं नवं नाही, पण तिथे साधायचा तो बाईपणाचा भास. बोदो मात्र आपण पुरुष आहोत हे क्षणभरही विसरू देत नाही, आणि सगळी गंमत तिथेच आहे.

त्याचं खरं नाव बोहदान एउजेन झ्युनो, जन्म डिसेंबर 1899चा. वडील स्विस, आई पोलिश. वडील गावोगाव सिनेमा दाखवत फिरायचे, म्हणजे आपल्याकडच्या टुरिंग टॉकीजसारखंच. पुढे वूच या गिरण्यांच्या शहरात त्यांनी ‘उरानिया’ नावाचं थिएटर काढलं. पोरगा तिथेच रंगमंचावर चढला. बोहदानमधला ‘बो’ आणि आईच्या दोरोता या नावातला ‘दो’ जोडून त्याने टोपणनाव केलं. पुढे स्वतःची चित्रसंस्था काढली, तेव्हा तिचं नाव वडिलांच्या थिएटरवरून ठेवलं.

वॉर्सातली कॅबरे, 1925पासून चित्रपट, असे तीसेक चित्रपट झाले. 1929मध्ये वोविचजवळ तो चालवत असलेल्या मोटारीला अपघात झाला आणि सोबतचा एक नट गेला. कोर्टाने शिक्षा सुनावली, पण ती स्थगित ठेवली. पुढच्या दहा वर्षांत तो पोलंडचा सर्वांत लाडका नट झाला. कपडे कसे घालावेत तर बोदोसारखे, असं लोक म्हणत. त्याचा प्रचंड ग्रेट डेन कुत्रा, साम्बो, तोही पडद्यावर झळकला. 1939मध्ये बोदोने वॉर्सात स्वतःच्या नावाचं कॅफे उघडलं.

कॅफे उघडायला वर्ष वाईट निवडलं.

सप्टेंबरात पश्चिमेकडून जर्मन आले, पूर्वेकडून सोव्हिएत फौजा. बोदो ल्वुवला गेला. ते शहर सोव्हिएतांच्या ताब्यात होतं. तिथे तो एका जाझ वाद्यवृंदाबरोबर गायला, रशियन भाषेतही गायला. पण त्याला देशाबाहेर जायचं होतं, आणि त्याच्याकडे वडिलांकडून आलेला स्विस पासपोर्ट होता. तटस्थ देशाचा पासपोर्ट! याहून मोठं नशीब ते काय, असंच कुणालाही वाटलं असतं. सोव्हिएत पोलिसांना मात्र त्यात संशय दिसला. जून 1941च्या शेवटी, जर्मनांनी रशियावर हल्ला केल्यानंतर चार दिवसांनी, त्याला अटक झाली.

त्याच उन्हाळ्यात पोलंडच्या निर्वासित सरकारचा मॉस्कोशी करार झाला आणि सोव्हिएत तुरुंगांतल्या, छावण्यांतल्या पोलिश लोकांना माफी मिळाली. हजारो माणसं सुटली, इराणमार्गे बाहेर पडली. त्यांतल्याच बायका-मुलांपैकी काही हजार कोल्हापूरजवळ वळिवड्याच्या छावणीत येऊन 1948पर्यंत राहिली. कोल्हापूरकडच्या श्रोत्यांना हे सांगायला नको. पोलिश वकिलातीने बोदोसाठीही खटपट केली. उत्तर आलं: हा पोलिश नाही, स्विस आहे.

अख्खा पोलंड ज्याची गाणी गुणगुणत होता, तो पोलिश नाही!

पाच वर्षांची शिक्षा झाली. रशियाच्या उत्तरेकडे कोत्लासच्या छावणीत 7 ऑक्टोबर 1943 रोजी उपासमारीने तो गेला. वय त्रेचाळीस. वळिवड्याची छावणी त्याच वर्षी सुरू झाली होती.

युद्धानंतर पोलंडमध्ये कम्युनिस्ट राजवट आली आणि बोदोला जर्मनांनी मारलं, असं सांगितलं गेलं. मॉस्कोचं नाव घेण्याची सोय नव्हती. खरी कागदपत्रं बाहेर यायला सोव्हिएत संघ मोडकळीला यावा लागला. तोवर चित्रपट मात्र दूरचित्रवाणीवर लागत राहिले, आणि मे वेस्टचा झगा घातलेल्या त्या माणसाला लोक हसत राहिले.

आता ते नऊ वाजताचं गाणं. मूळ चित्रपटातलंच आहे, थोडी खरखर येईल. ऐका.