आखूड दावं : लिंडन जॉन्सन आणि भारताचा गहू

[जुनं कृष्णधवल चित्रण : मुंबईची गोदी, धान्याची पोती वाहणारे हमाल]

लिंडन जॉन्सन. अमेरिकेचे ३६ वे राष्ट्राध्यक्ष. त्यांचं नाव निघालं की दोन गोष्टी हमखास पुढे येतात. पहिली, १९६४ चा नागरी हक्क कायदा. दुसरी, व्हिएतनाम. त्यांच्या तिसऱ्या एका निर्णयाची अमेरिकेत फारशी चर्चा होत नाही. पण साठच्या दशकात आपल्याकडे जे रेशनच्या रांगेत पिशवी घेऊन उभे राहिले, त्यांच्या घरी रात्री चपाती होणार की नाही, याचा त्या निर्णयाशी थेट संबंध होता.

त्यासाठी थोडं मागे जावं लागेल. अमेरिकेत तेव्हा सरकार शेतकऱ्यांचा गहू ठरलेल्या भावाने उचलत असे. गोदामं भरून वाहत होती. १९५४ मध्ये राष्ट्राध्यक्ष आयझेनहॉवर यांनी एका कायद्यावर सही केली. पब्लिक लॉ ४८०, म्हणजेच आपल्याकडे गाजलेला पीएल-४८०. ज्या देशांकडे डॉलर नाहीत, त्यांनी आपल्याच चलनात पैसे द्यावेत आणि गहू न्यावा. भारताने पहिला करार ऑगस्ट १९५६ मध्ये केला. गहू अमेरिकेचा, पैसे रुपयांत, आणि ते रुपये पडून राहणार भारतातच, अमेरिकेच्या खात्यावर.

या रुपयांचं काय काय झालं, हा एक वेगळाच विषय आहे. त्यातून भारतालाच कर्जं दिली गेली, वकिलातीचा खर्च भागला. आणि १९६२ पासून वॉशिंग्टनच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने याच पैशातून भारतीय भाषांमधली पुस्तकं विकत घेऊन अमेरिकी विद्यापीठांना पाठवायला सुरुवात केली. मराठी पुस्तकंही त्यात होती. शिकागो विद्यापीठाच्या ग्रंथालयात त्या काळची इतकी मराठी पुस्तकं सापडतात, त्यामागे हा गहू आहे.

[रस्त्याकडेला वाढलेलं गाजरगवत]

आणखी एक आठवण महाराष्ट्राने जपली आहे, नको असताना. गाजरगवत. पन्नाशीच्या दशकाच्या मध्याला ते पुण्यात लक्षात आलं, आणि परदेशी गव्हाबरोबर आलं म्हणून लोकांनी सरकारी पक्षाचंच नाव त्याला चिकटवलं : काँग्रेस गवत. ते त्याआधीही भारतात असावं, असं काही वनस्पतिशास्त्रज्ञ मानतात. पण नाव पडलं ते पडलंच.

[व्हाइट हाऊस, १९६५]

जून १९६५. चालू करार संपत आला होता. नवा करार आधीसारखाच काही वर्षांचा होईल, अशी दिल्लीची अपेक्षा होती. जॉन्सननी नकार दिला. गहू मिळेल, पण एकदम नाही. महिन्या-दोन महिन्यांपुरता मिळेल, आणि प्रत्येक खेपेला मंजुरी मी स्वतः देईन. वॉशिंग्टनमध्ये या धोरणाला 'शॉर्ट टेदर' म्हणत. आखूड दावं.

जॉन्सन टेक्सासचे, पेडर्नालेस नदीच्या परिसरात वाढलेले. शेती त्यांना कागदावरची नव्हती. त्यांचं म्हणणं असं की, फुकटात पडल्यासारखा गहू मिळतोय म्हणून भारत सरकार पोलाद कारखान्यांवर खर्च करतं आणि शेतकऱ्याला वाऱ्यावर सोडतं. हे म्हणणं पूर्ण खोटं नव्हतं. स्वस्त परदेशी गव्हामुळे इथल्या शेतकऱ्याचा भाव दबत होता, हे भारतातलेही अनेक जण सांगत होते. पण हिशेब तेवढाच नव्हता. व्हिएतनामवर भारताकडून होणारी टीका जॉन्सनना झोंबत होती. त्याच वर्षी पंतप्रधान लालबहादूर शास्त्रींचा ठरलेला अमेरिका दौरा त्यांनी परस्पर पुढे ढकलला होता, आणि दिल्लीला तो अपमान वाटला होता.

आणि नेमका त्याच वर्षी पाऊस दगा देऊन गेला.

१९६४-६५ मध्ये देशात सुमारे ८.९ कोटी टन धान्य पिकलं होतं. पुढच्या वर्षी ते ७.२ कोटी टनांवर आलं. सप्टेंबरमध्ये पाकिस्तानशी युद्ध झालं. शास्त्रींनी सोमवारी रात्री एक जेवण सोडण्याचं आवाहन केलं, हॉटेलांनीही ते पाळलं. महाराष्ट्राचे मुख्यमंत्री वसंतराव नाईक यांनी पुण्यात शनिवारवाड्यावरून जाहीर केलं, की दोन वर्षांत राज्य अन्नधान्यात स्वयंपूर्ण झालं नाही तर मला फाशी द्या. त्या भाषणात नाट्य होतं, हे कबूल. पण गहू बंदरात उतरतो आणि थेट ताटात जातो, मधे साठा म्हणून काही उरतच नाही, अशा दिवसांत मुख्यमंत्र्याला असं बोलावंसं वाटणं समजण्यासारखं आहे.

[सी. सुब्रमण्यम यांचं छायाचित्र]

या गोष्टीतला माझ्या मते सर्वांत महत्त्वाचा माणूस राष्ट्राध्यक्ष नाही. तो आहे भारताचे अन्नमंत्री सी. सुब्रमण्यम. नोव्हेंबर १९६५ मध्ये रोममध्ये त्यांची आणि अमेरिकेचे कृषिमंत्री ऑर्व्हिल फ्रीमन यांची भेट झाली, आणि तिथे गुपचूप एक करार झाला. भारत शेतीवरची गुंतवणूक वाढवेल, शेतकऱ्याला चांगला भाव देईल, खतांच्या कारखान्यांत परदेशी भांडवल येऊ देईल. वरवर पाहता ही अमेरिकेची जबरदस्ती. प्रत्यक्षात यातलं बरंचसं सुब्रमण्यम यांना आधीपासूनच हवं होतं. अन्न महामंडळ आणि कृषी मूल्य आयोग या दोन्ही संस्था त्यांनी त्याच वर्षाच्या जानेवारीत उभ्या केल्या होत्या. अडत होतं ते मंत्रिमंडळात, पैशाच्या तिजोरीपाशी. वॉशिंग्टनचा दबाव त्यांनी तिथे शिताफीने वापरला. डिसेंबरमध्ये जॉन्सननी १५ लाख टन गहू सोडला.

जानेवारी १९६६ मध्ये ताश्कंदला शास्त्रींचं निधन झालं. मार्चमध्ये नव्या पंतप्रधान इंदिरा गांधी वॉशिंग्टनला पोहोचल्या.

[वॉशिंग्टन, मार्च १९६६]

राजदूत बी. के. नेहरूंच्या घरी मेजवानी होती. शिष्टाचाराप्रमाणे राष्ट्राध्यक्षांनी थोडा वेळ थांबून निघायचं असतं. जॉन्सन आले, गप्पांत रमले, आणि जेवायलाच थांबले. ऐनवेळी टेबलाची मांडणी बदलताना यजमानांची धांदल उडाली. त्याच दिवसांत जॉन्सननी अमेरिकी काँग्रेसला, म्हणजे तिथल्या संसदेला, संदेश पाठवून भारतासाठी आणखी ३५ लाख टन धान्य मागितलं. जूनमध्ये भारताने रुपयाचं अवमूल्यन केलं : एका डॉलरला ४ रुपये ७६ पैसे मोजावे लागत, ते ७ रुपये ५० पैसे झाले. देशात इंदिराजींवर टीकेची झोड उठली. अमेरिकेपुढे मान तुकवली म्हणून.

मग जुलैमध्ये त्या मॉस्कोला गेल्या, आणि तिथल्या संयुक्त निवेदनात व्हिएतनामवरच्या बॉम्बहल्ल्यांचा निषेध आला. जॉन्सन भडकले. हे तर संयुक्त राष्ट्रांचे सरचिटणीस आणि पोपही म्हणताहेत, असं भारताच्या बाजूने सांगण्यात आलं तेव्हा वॉशिंग्टनहून उत्तर आलं म्हणतात, की त्या दोघांना आमचा गहू लागत नाही.

दुसऱ्या वर्षीही पाऊस फसला. बिहार होरपळत होता. आणि १९६६ च्या उत्तरार्धात वॉशिंग्टनमधली फाईल हलेना. फ्रीमन, परराष्ट्रमंत्री डीन रस्क, दिल्लीतले राजदूत चेस्टर बोल्स, सगळे सांगत होते की आता सोडा. राष्ट्राध्यक्ष स्वतः भारतातल्या पावसाचे अहवाल मागवून वाचत होते. कुठे पडला, कुठे नाही, हे त्यांना तोंडपाठ होतं. त्यांनी पाहणीसाठी पथकं पाठवली, आणि डिसेंबरच्या अखेरीस ९ लाख टनांना मंजुरी दिली. फेब्रुवारी १९६७ मध्ये आणखी २० लाख टन दिले, आणि पुढच्या ३० लाखांसाठी इतर देशांनीही वाटा उचलावा अशी अट घातली.

हिशेब करायचाच तर गहू आला. दुष्काळाच्या त्या काळात अमेरिकेच्या गव्हाचा जवळपास पाचवा हिस्सा भारतात उतरला, आणि बिहारमध्ये लाखो माणसं वाचली. पण इतकं देऊनही देणाऱ्याला मैत्री मिळाली नाही. प्रत्येक जहाजाआधी हात पसरायला लावलं, हेच दिल्लीच्या लक्षात राहिलं. जॉन्सनशी फोनवर बोलून झाल्यावर, पुन्हा कधी धान्यासाठी याचना करायची वेळ येऊ नये, असं इंदिरा गांधी म्हणाल्याचं त्यांच्या जवळच्या माणसांनी पुढे सांगितलं.

[शेतातला गहू, पंजाब]

१९६६ मध्येच सुब्रमण्यम यांनी मेक्सिकोहून १८,००० टन बुटक्या, भरघोस पिकणाऱ्या गव्हाचं बियाणं आणवलं. त्याचा दाणा लाल, लोकांना तो आवडेना. एम. एस. स्वामिनाथन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी आपल्या पसंतीचे पिवळसर वाण तयार केले. १९६७-६८ मध्ये देशात १.६५ कोटी टन गहू आला. ठेवायला जागा नव्हती, म्हणून उत्तरेत काही ठिकाणी शाळांमध्ये भरला.

आणि ते साठलेले रुपये? १९७४ च्या फेब्रुवारीत, निक्सन राष्ट्राध्यक्ष असताना, राजदूत डॅनियल मॉयनिहन यांनी भारत सरकारच्या हाती १,६६४ कोटी रुपयांचा धनादेश ठेवला. थकबाकीचा मोठा भाग माफ झाला. बाकीचे रुपये अमेरिकेने ठेवून घेतले, वकिलातीच्या खर्चाला आणि पुस्तकं घ्यायला.