जनीच्या आंब्यापासून झोळंबीच्या सड्यापर्यंत

(अंधार. लांबून कोंबडा आरवतो. मग धरणाच्या पाण्यावर उजेडाची पहिली रेघ.)

मणदूर. शिराळा तालुक्याचं पश्चिम टोक. चरण आणि आरळा मागं पडलं तसं वारणेचं खोरं दोन्ही बाजूंनी आवळत आलं आणि आता पुढं फक्त डोंगर आहे. फेब्रुवारीचा शेवटचा आठवडा. तांबडं अजून फुटायचं आहे.

वनखात्याच्या चौकीत नोंदवही उघडी आहे. नाव, गाव, माणसं किती, गाडीचा नंबर. पाण्याच्या बाटल्या मोजल्या गेल्या; परत येताना तेवढ्याच दाखवायच्या. आणि मग गाडीत पुढच्या सीटवर एक गृहस्थ येऊन बसले. साठीच्या आतबाहेरचे. खाकी शर्ट, कानाला मफलर. हे आजचे आमचे गाईड. गाडीतल्या पोरांनी पहिल्या मिनिटालाच त्यांना मामा म्हणायला सुरुवात केली, म्हणून आपणही मामाच म्हणू.

इचलकरंजीहून आलेल्या एका कुटुंबातली सात वर्षांची मुलगी आमच्यासोबत आहे. गाडी सुरू व्हायच्या आधीच तिनं विचारलं,

"मामा, वाघ दिसंल?"

"वाघ हाय की. पर डोंगर लई मोठा आन् त्यो एकला फिरणारा. आदी त्येच्या जेवणाची सोय कशी हाय, ती बघूया."

वाघाच्या जेवणाची सोय. दिवसभर आम्ही तीच बघत फिरणार होतो, हे तेव्हा लक्षात आलं नाही.

(फाटक उघडतं. गाडी आत.)

हे चांदोली राष्ट्रीय उद्यान. सांगली, सातारा, कोल्हापूर आणि रत्नागिरी या चार जिल्ह्यांच्या सीमा याच्या कड्यांवर भेटतात. 1985 मध्ये हे अभयारण्य झालं आणि 2004 मध्ये राष्ट्रीय उद्यान. क्षेत्र सुमारे 317 चौरस किलोमीटर. उत्तरेकडचं कोयना अभयारण्य आणि हे उद्यान मिळून 2010 मध्ये सह्याद्री व्याघ्र प्रकल्प तयार झाला, आणि 2012 मध्ये पश्चिम घाटाच्या ज्या जागा जागतिक वारसा ठरल्या, त्यांत चांदोली आहे.

डावीकडं झाडांच्या फटीतून अधूनमधून पाणी चमकतं. वारणेवरच्या धरणाचा हा जलाशय, वसंतसागर. साठवण 34.40 टीएमसी. सांगली-कोल्हापूरकडच्या माणसाला हा आकडा पाठ असतो, कारण पावसाळ्यात रोजच्या पेपरात तो येतो. धरणाच्या वरच्या अंगाला पाथरपुंज. तिथं पाऊस कोसळला की खाली वारणाकाठची गावं जागी राहतात. हीच वारणा पुढं सांगलीजवळ हरिपूरला कृष्णेला मिळते. म्हणजे आपण आत्ता ज्या ओढ्याच्या फरशीवरून गेलो, त्याचं पाणी बंगालच्या उपसागराकडं निघालं आहे. आणि समोरच्या धारेपलीकडं पडलेला थेंब कोकणात उतरून अरबी समुद्रात जाईल.

(गाडी थांबते. इंजिन बंद.)

पहिला थांबा, जनीचा आंबा.

जंगलाच्या ऐन मध्यावर आंबा कसा? रानात आंबा असतोच, पण त्याला बाईमाणसाचं नाव नसतं. झाड लावणारीचं किंवा राखणारीचं नाव त्या झाडाला चिकटतं, ही आपल्या गावांची जुनी रीत. इथं आजूबाजूला गाव नाही, घर नाही, पायवाटही नाही. नाव तेवढं मागं राहिलं. वनरक्षकांच्या तोंडी हेच नाव, पर्यटकांच्या तोंडीही हेच.

मामा खाली उतरले नाहीत. इथं गाडीतून उतरायची मुभा मोजक्या ठिकाणीच आहे. त्यांनी फक्त बोट दाखवलं. रस्त्याकडेच्या मातीत गव्याच्या खुरांचे ठसे होते, दोन पाकळ्यांचे, खोल रुतलेले. शेजारी काळसर विष्ठा, तिच्यात उंबराच्या बारीक बिया.

"अस्वल. रातचंच हाय. अजून सुकलं न्हाई."

मग त्यांनी एका झाडाचं खोड दाखवलं. मगरीच्या पाठीसारखी भेगाळलेली साल, म्हणजे ऐन. त्या सालीवर उभे, समांतर ओरखडे. वरच्या फांदीला मोहोळ होतं, आता नुसतं मेण उरलेलं. मुलगी कितीतरी वेळ त्या ओरखड्यांकडं बघत राहिली. प्राणी दिसला नव्हता, पण तो रात्री कुठून आला, काय खाल्लं, कशासाठी झाडावर चढला, एवढं सगळं तिला कळलं होतं. गाईड हवा तो यासाठी. आपण एकटे आलो असतो तर एका झाडाशेजारून गेलो असतो.

(चढण. अंजनीची झाडी. फांद्यांना चिकटलेली जांभळी-निळी फुलं.)

अंजनी फुलली आहे. फूल फांदीच्या टोकाला येत नाही, थेट काडीला बिलगून येतं. मध्ये हिरडा, जांभूळ, किंजळ. उतारावर कारवी, आत्ता वाळून काटक्या झालेली. कारवी सात-आठ वर्षांत एकदाच फुलते. ज्या वर्षी फुलते त्या वर्षी उतार निळे दिसतात, आणि बी पडलं की सगळी झुडपं एकदम मरतात.

एवढ्यात कुत्रा भुंकल्यासारखा आवाज आला. एकदा. मग परत एकदा, जरा लांबून.

मामांचा हात वर गेला. गाडी जागच्या जागी थांबली. "भेकर," ते कुजबुजले. "कायतरी बगितलंय त्येनं."

पाच मिनिटं कोणी हललं नाही. वानर वर शेंड्याला बसून एकाच दिशेला बघत होतं. काही बाहेर आलं नाही. भेकर म्हणजे लहानसं हरीण. ते बिबट्याला बघून ओरडतं, कोळसुंद्यांना म्हणजे रानकुत्र्यांना बघूनही ओरडतं आणि कधी माणसालाही. मामांनी आमच्यासाठी त्यातला वाघ निवडला नाही. "काय व्हतं ते म्या बगितलं न्हाई," एवढंच म्हणाले आणि गाडी पुढं घ्यायला सांगितली. त्या एका वाक्यासाठी मला हा माणूस फार आवडला.

(झाडी संपते. एकदम मोकळं, सोनेरी गवत. पायऱ्यापायऱ्यांची जमीन.)

हे बघताना नीट बघा. गवत उंच आहे, पण जमीन सरळ उतरत नाही. टप्प्याटप्प्यानं उतरते. टप्प्यांच्या कडेला दगड रचलेले दिसतात. हे बांध आहेत. हे भाताचे वाफे आहेत.

इथं गावं होती. झोळंबी, गोठणे, रुंदीव, निवळे, चांदेल, नांदोली. काही धरणामुळं उठली, काही अभयारण्यामुळं. मामा यांतल्याच एका गावचे. गाव उठलं तेव्हा ते विशीत होते.

"ही जोती बगा. ह्ये घर आमच्या चुलत्याचं. तितं गोठा व्हता. ह्या उंबऱ्यातनं म्हातारी बसून वाट बगायची आमची."

आम्हाला दिसत होतं ते एवढंच: गवतात अर्धा बुडालेला दगडांचा चौकोन, मध्ये उगवलेलं करवंदीचं जाळं आणि जात्याची फुटकी तळी. करवंदीला फूल आलं होतं आणि सगळ्या जोत्याला त्याचा वास होता.

खाली सपाटीला गेलेल्या या माणसांचं सगळंच सुरळीत झालं असं नाही. जमिनीसाठी, पाण्यासाठी, गावठाणातल्या साध्या सोयींसाठी चांदोलीच्या धरणग्रस्तांनी आणि अभयारण्यग्रस्तांनी वर्षानुवर्षं आंदोलनं केली आहेत. या जंगलाची गोष्ट सांगताना हे गाळून सांगणं मला अप्रामाणिकपणाचं वाटतं. ज्या शांततेसाठी आपण गाडी करून इथवर आलो, ती कोणीतरी घर सोडल्यामुळं तयार झाली आहे.

आणि याच शेतांत आता वाघाच्या जेवणाची सोय आहे.

सह्याद्रीचं दाट रान बघायला सुंदर, पण गवत खाणाऱ्या जनावराला त्यात फार काही मिळत नाही. गव्याला, सांबराला मोकळी कुरणं लागतात. गावं उठली, नांगर थांबला आणि वाफ्यांवर गवत आलं. पण कुरण आपोआप टिकत नाही. दहा-पंधरा वर्षांत त्यात झुडपं शिरतात, रानमोडीचं तण पसरतं आणि शेवटी पुन्हा झाडी होते. म्हणून वनखात्याला ही जुनी शेतं राखावी लागतात. झुडपं काढायची, रानमोडी उपटायची. खाणं वाढावं म्हणून सागरेश्वर अभयारण्यातून चितळंही आणून सोडली आहेत. मामा आणि त्यांच्यासारखी माणसं या कामावर गेलेली आहेत. ज्या वाफ्यात बापाबरोबर चिखलणी केली, त्याच वाफ्यातली रानमोडी काढायची. त्याबद्दल काय वाटतं, असं मी विचारलं.

"काय वाटायचं? शेत पडीक न्हाई पडलं," मामा म्हणाले.

(दुर्बिणीतून: बांधापलीकडं काळी पाठ. मग दुसरी. मग पांढरे पाय.)

गवे. अकरा. मुलीनं मोजले, मग तिच्या आईनं, मग पुन्हा मुलीनं. सगळ्यांत पुढं एक मोठी गाय, मागं दोन बदामी रंगाची वासरं. कळपापासून जरा बाजूला एक खोंड, काळाभोर, चारही पायांत पांढरे मोजे घातल्यासारखा. पूर्ण वाढलेल्या नराचं वजन आठशे-हजार किलोंच्या घरात जातं, आणि तरी तो या गवतातून चालला तर आवाज येत नाही. वाऱ्यावर आमचा वास गेला असावा. गाईनं मान वर केली, जोरात फुसकारली आणि सगळा कळप चुलत्याच्या गोठ्याच्या बाजूनं रानात उतरला.

(सडा. वर फक्त आभाळ.)

झोळंबीचा सडा, म्हणजे डोंगरमाथ्यावरचं कातळाचं पठार. वर चढून आलं की झाडी एकदम सुटते. पायाखाली जांभा, काळपट, सच्छिद्र, उन्हानं तापलेला. लाव्हाच्या काळ्या दगडावर लाखो वर्षं पाऊस पडत राहिला, त्यातलं विरघळणारं ते वाहून गेलं आणि लोह-ॲल्युमिनियमचं हे कवच उरलं. आत्ता इथं वाळलेलं गवत आणि वारा. पण याच दगडावर पावसाळ्यात बोटभर मातीत सीतेची आसवं फुलतात, दवबिंदू नावाचं रोपटं आपल्या चिकट पानांवर किडे धरतं. त्या वेळी उद्यान बंद असतं आणि ते बरंच आहे. बोटभर मातीला आपले जोडे सोसत नाहीत.

इथं शिदोरी सोडली. नाचणीची भाकरी, खर्डा, कांदा. मुलीनं पुन्हा विषय काढला, आणि आता मामांनी सविस्तर सांगितलं. 2018 च्या मे महिन्यात चांदोलीत झाडाला बांधलेल्या कॅमेऱ्यात वाघाचा फोटो आला. मग बरीच वर्षं काही नाही. डिसेंबर 2023 मध्ये पुन्हा एक नर. प्रत्येक वाघाचे पट्टे वेगळे असतात, त्यामुळं फोटो जुळवून कोण कुठला ते समजतं. दक्षिणेकडं राधानगरी, तिलारी, मग गोवा आणि कर्नाटकातलं काळी नदीकाठचं जंगल, या तुटक्या पट्ट्यातूनच नर वर सरकतात. मादी एवढ्या लांब सहसा जात नाही. ती आईच्या शेजारीच जागा धरते. म्हणून नोव्हेंबर 2025 मध्ये ताडोब्याहून एक वाघीण इथं आणली. आधी कुंपणात ठेवून रुळवली.

"माहेर लांब पडलं तिचं," मुलीची आई म्हणाली.

"आमचं बी पडलंय," मामा हसत म्हणाले, आणि पुरचुंडीतला उरलेला खर्डा त्यांनी सगळ्यांना वाढला.

(उतरतीचं ऊन. लपणगृहाच्या फटीतून पाणवठा.)

लपणगृहात आम्ही तास काढला. एक सांबर आलं, अर्ध्यावर थबकलं, कान फिरवले, पाणी पिऊन गेलं. वरून धनेश उडत गेला. त्याच्या पंखांचा आवाज आधी आला आणि पक्षी मागून. बस एवढंच. पण त्या तासात सात वर्षांची मुलगी एकदाही बोलली नाही.

(चौकी. संध्याकाळ. दिव्याखाली नोंदवही.)

बाटल्या मोजून झाल्या. मामांनी खिशातून पेन काढलं आणि सावकाश लिहायला घेतलं. गवे, अकरा, दोन वासरं. सांबर, एक मादी. भेकर, आवाज दोनदा. अस्वल, विष्ठा, ताजी. धनेश, एक. वाघाच्या ओळीत त्यांनी आडवी रेघ मारली.

शेवटचा रकाना होता ठिकाणाचा. गव्यांपुढं त्यांनी आधी झोळंबी लिहिलं. मग जरा थांबून, त्याच रकान्यात, अक्षरं बारीक करून पुढं लिहिलं: चुलत्याचं वरलं शेत.