मुठीच्या मापाने घडवलेले रिव्हॉल्व्हर

श्रोतेहो, नमस्कार.

अमेरिकेच्या पश्चिमेकडील राज्यांत हरीण, एल्क (एक मोठे हरीण) किंवा अस्वल यांची शिकार रायफलऐवजी रिव्हॉल्व्हरने करणाऱ्यांचा एक जुना आणि चोखंदळ वर्ग आहे. हे शिकारी कारागिराकडून खास घडवून घेतात ती मोठ्या कॅलिबरची, म्हणजे रुंद तोंडाच्या नळीची, सिंगल ॲक्शन रिव्हॉल्व्हर्स हा आजच्या भाषणाचा विषय आहे. सिंगल ॲक्शन म्हणजे प्रत्येक गोळीपूर्वी घोडा अंगठ्याने मागे ओढावा लागतो. तो ओढताच काडतुसांचे कप्पे असलेला गोल सिलिंडर एक घर पुढे सरकतो, नवा कप्पा नळीसमोर येऊन अडकतो, आणि चापाकडे घोडा सोडण्याचे एवढे एकच काम उरते. आपल्याकडे १९७२च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानंतर शिकारीला वाव राहिलेला नाही, आणि आपल्या उरलेल्या जंगलांकडे पाहता तो नसावा असेच माझे ठाम मत आहे. अमेरिकेतील व्यवस्था निराळी आहे. तेथे १९३७च्या एका संघीय कायद्याने बंदुका आणि काडतुसांवरील कराचा पैसा राज्यांच्या वन्यजीव खात्यांकडे वळवला, १९७०मध्ये पिस्तुले आणि रिव्हॉल्व्हर्सही त्यात आली, आणि शिकाऱ्यानेच रानाचा खर्च उचलावा ही रीत मला न्याय्य वाटते.

या सगळ्या घराण्याचे मूळ १८७३च्या कोल्ट सिंगल ॲक्शन आर्मी या रिव्हॉल्व्हरमध्ये आहे. सहा कप्प्यांचा सिलिंडर, .४५ कोल्ट हे काडतूस (हा आकडा इंचातल्या रुंदीचा) आणि बंदुकीची काळी दारू असा तो साज होता. अमेरिकन सैन्याने ते स्वीकारले, गुराख्यांनी ते कमरेला लावले, आणि दीडशे वर्षे होऊन गेली तरी त्याच्या मुठीचा घाट ओळखीचा राहिला आहे. परंतु त्यात एक उणीव होती, आणि ती आज मी पुन्हा पुन्हा सांगणार आहे: .४५च्या रुंद कप्प्यांभोवती पोलादाची भिंत फार पातळ उरत होती.

ही उणीव ज्याने स्वतःच्या हातात अनुभवली, त्या माणसाची हकीकत आता सांगतो. ती सांगायला मला फार आवडते, म्हणून जरा सविस्तर सांगतो.

त्याचे नाव एल्मर कीथ. जन्म १८९९चा, मिसूरी राज्यातला. पुढचे सगळे आयुष्य मोंटाना, ओरेगॉन आणि आयडाहो या डोंगराळ मुलखात गेले. लहानपणी मोंटानातील मिझूला गावी एका इमारतीला लागलेल्या आगीत तो इतका भाजला होता की त्याचा डावा हात कायमचा वाकडा होण्याच्या बेतात होता. तोच मुलगा पुढे गुरे राखू लागला, घोडी वळवू लागला आणि रिव्हॉल्व्हरवर त्याने असे प्रभुत्व मिळवले की पुढील अर्धशतक या विषयावर त्याचा शब्द अखेरचा मानला गेला.

१९२५ सालच्या ४ जुलैला, म्हणजे अमेरिकेच्या स्वातंत्र्यदिनी, पहाटे आजूबाजूला आनंदाचे बार उडू लागले, तसा कीथही आपले जुने .४५ कोल्ट घेऊन माडीवरच्या ओसरीत आला आणि त्यानेही आकाशाकडे बार काढले. त्याच्या काडतुसांत नेहमीच्या गोळ्या नव्हत्या. मुळात रायफलसाठी असलेल्या ३०० ग्रेन, म्हणजे सुमारे १९ ग्रॅम, वजनाच्या गोळ्या त्याने कप्प्यात बसतील अशा करून घेतल्या होत्या आणि त्यांच्यामागे काळ्या दारूचा भरगच्च भार घातला होता. एका बाराला ते रिव्हॉल्व्हर फुटले. सिलिंडरचा वरचा अर्धा भाग आणि त्याच्या माथ्यावरून जाणारी चौकटीची पट्टी उडून गेली. हात वाचला, डोळे वाचले, आणि कीथने त्या अवशेषांतून एकच निष्कर्ष काढला. सिलिंडर तेवढाच ठेवून कप्पा थोडा अरुंद केला, तर भिंत जाड होईल. म्हणून तो .४४ स्पेशल या काडतुसाकडे वळला, त्यासाठी रुंद सपाट नाकाची, धारदार कडेची गोळी त्याने स्वतः आखली, आणि आपले अनुभव ‘अमेरिकन रायफलमन’ या मासिकात लिहू लागला.

त्या लेखांत तो लांब पल्ल्याच्या नेमबाजीविषयी जे लिहीत असे, ते पूर्वेकडील शहरांतील अनेक वाचकांना पटणे शक्यच नव्हते. त्यांपैकी फिलाडेल्फियाचा हॅरॉल्ड क्रॉफ्ट हा गृहस्थ मात्र शंका मनात ठेवून घरी बसला नाही. विसाच्या दशकाच्या अखेरीस तो रिव्हॉल्व्हर्सनी भरलेली सूटकेस घेऊन निघाला, अख्खा अमेरिका खंड ओलांडून ओरेगॉनमधील डर्की या खेड्याजवळ कीथच्या रँचवर येऊन पोहोचला आणि, जे लिहिता ते दाखवा, असे त्याने सांगितले. कीथने ७०० यार्डांवर चार फूट लांबीरुंदीचे चौकोनी लक्ष्य उभे केले. श्रोतेहो, ७०० यार्ड म्हणजे सव्वासहाशे मीटरहून अधिक अंतर. एवढ्या दुरून ते लक्ष्य नुसत्या डोळ्याला जेमतेम ठिपक्याएवढे दिसते. कीथ जमिनीवर बसला, पाठीला आधार घेतला आणि रिव्हॉल्व्हर दोन्ही हातांनी धरून स्थिर केले. मग त्याने आपली नेहमीची पद्धत वापरली. नळीच्या टोकावरची माशी मागच्या खाचेत बेताने न बसवता ती हवी तितकी वर उचलायची, आणि तिच्या माथ्यावर लक्ष्य टेकवायचे. अंतर जेवढे अधिक, तेवढी माशी अधिक वर. पहिल्या गोळ्यांची धूळ कोठे उडते ते पाहून त्याने माशीची उंची ठरवली आणि लक्ष्याच्या फळ्यांना भोके पडू लागली. पाहुण्याने आणलेल्या शस्त्रांनीही त्याने ते करून दाखवले.

क्रॉफ्टची खात्री पटली. पण मला या हकीकतीत ७०० यार्डांपेक्षा पुढचे दिवस अधिक मोलाचे वाटतात. (आणि येथेच हेही सांगतो की तसले अंतर फळीसाठी ठीक आहे, जिवंत प्राण्यासाठी मुळीच नाही.) क्रॉफ्टच्या सूटकेसमध्ये त्याने स्वतःच्या कल्पनेप्रमाणे कारागिरांकडून बदलून घेतलेली कोल्ट रिव्हॉल्व्हर्स होती. कोणाची चौकट माथ्यावर सपाट करून त्यावर सरकवता येणारी साइट, म्हणजे नेम धरण्याची खाच, बसवली होती, कोणाची मूठ वेगळी होती. आणि त्यांना एक ते चार असे क्रमांक होते. दोघे ती खोलत, जुळवत, झाडत आणि वाद घालत बसले. प्रश्न एकच होता: भारी काडतुसाच्या धक्क्याला सर्वांत योग्य मूठ कोणती? जुन्या कोल्टची मूठ धक्क्यासरशी तळहातात वर गोल फिरते आणि चापाभोवतीची कडी मधल्या बोटाच्या पेरावर आदळते. कोल्टनेच १८९४पासून काढलेल्या बिझली या नेमबाजीच्या मॉडेलची मूठ उंच आणि अधिक वाकलेली असते. ती फिरत नाही, पण अनेकांच्या हाताला ती अवघडल्यासारखी वाटते. त्या दोघांनी पाठीची पट्टी बिझलीची घेऊन ती हवी तशी वाकवली, पुढची कडी जुन्या कोल्टची ठेवली आणि दोन्ही जोडून एक नवीच मूठ सिद्ध केली.

त्या मुठीवर जे रिव्हॉल्व्हर उभे राहिले त्याला क्रॉफ्टच्या चारांनंतरचे म्हणून क्रमांक पाच हे नाव मिळाले. .४४ स्पेशल काडतूस, साडेपाच इंची नळी, सपाट माथा, सरकती साइट, रुंद घोडा, हस्तिदंती मूठ, आणि सिलिंडरच्या मधोमध जाणारी पिन धक्क्याने सुटू नये म्हणून खास बसवलेली अडकण. सेजली, हौचिन्स आणि ओमिअरा अशा कारागिरांचे हात त्याला लागले. १९२९च्या एप्रिलमध्ये कीथने त्याचे वर्णन मासिकात प्रसिद्ध केले, आणि तेथून पुढे खास घडवलेले शिकारी रिव्हॉल्व्हर म्हणजे काय याचा नमुना लोकांपुढे आला. या कारागिरांची नावे मी मुद्दाम घेतली. शस्त्र वापरणाऱ्याचे नाव ग्रंथांत राहते आणि कानस चालवणाऱ्याचे तळटीपेतही राहत नाही. मला ही गोष्ट नेहमी खटकते.

पुढचा इतिहास थोडक्यात सांगतो. कीथच्या दीर्घ आग्रहातून १९५५च्या अखेरीस .४४ मॅग्नम हे अधिक जोरदार काडतूस जन्माला आले, लगोलग रुगर कंपनीने त्यासाठी मजबूत सिंगल ॲक्शन बाजारात आणले, आणि १९५९मध्ये तिचेच सुपर ब्लॅकहॉक हे मॉडेल आले. १९७३पासून रुगरच्या यंत्रणेत घोडा आणि काडतूस यांच्यामध्ये सुरक्षेची पट्टी आली, त्यामुळे सहाही कप्पे भरून बाळगणे निर्धोक झाले. त्याआधीच्या रिव्हॉल्व्हरमध्ये घोड्याखालचा कप्पा रिकामाच ठेवावा लागत असे, आणि जुने शस्त्र हाती असेल तर तो आजही रिकामाच ठेवावा.

आता कारागिरीकडे येतो. युटाचे डिक कॅसल यांनी पन्नाशीच्या दशकात .४५ कोल्टची पुंगळी, म्हणजे काडतुसाचे धातूचे नळकांडे, लांबवून .४५४ कॅसल हे काडतूस तयार केले, आणि १९८३मध्ये वायोमिंगमधील फ्रीडम या गावी फ्रीडम आर्म्सने त्यासाठी रिव्हॉल्व्हर बनवण्यास आरंभ केला. त्याच राज्यातील कोडी गावचे जॉन लाइनबॉ यांनी १९८६मध्ये .३४८ विंचेस्टर रायफलची पुंगळी आखूड करून .५०० लाइनबॉ सिद्ध केले. त्या रायफलचे उत्पादन पन्नाशीच्या दशकातच थांबले होते. पुंगळ्या मिळेनाशा झाल्या तर काय, या काळजीने त्यांनी १९८८मध्ये सर्वत्र मिळणाऱ्या .४५-७० या रायफल-काडतुसाच्या पुंगळीपासून .४७५ लाइनबॉ काढले. .५००ची गोळी साधारण ४३५ ग्रेनची, म्हणजे सुमारे २८ ग्रॅमची, आणि वेग सेकंदाला बाराशे फुटांच्या आसपास.

असे काडतूस कारखान्याच्या सहा कप्प्यांच्या सिलिंडरमध्ये मावत नाही. म्हणून कारागीर जाड सिलिंडर नव्याने कातून घेतो आणि त्यात पाचच कप्पे ठेवतो. पाच का, ते नीट ऐका. सिलिंडर जागेवर अडकवणारी खाच त्याच्या बाहेरच्या अंगावर कोरलेली असते. सहा कप्पे असले की ती खाच कप्प्यावरच येते आणि आधीच पातळ असलेली भिंत तेथे आणखी पातळ होते. पाच कप्पे असले की खाच दोन कप्प्यांच्या मधल्या भरीव पोलादावर जाते. एक गोळी कमी होते, पण कप्प्याची भिंत जाड राहते. १९२५च्या त्या पहाटे जे फुटले, त्याचे हे खरे उत्तर आहे.

दुसरे काम सरळ रेषेचे. चांगला कारागीर सिलिंडर त्याच चौकटीत अडकवून, नळीच्या अक्षावरून प्रत्येक कप्पा भोकतो. त्यामुळे पाचही कप्पे नळीच्या तोंडाशी केसभरही न चुकता जुळतात, गोळी एका बाजूने खरवडली जात नाही आणि नेम पाचही वेळा सारखा राहतो. तिसरे काम मधल्या पिनेचे. जात्याचा मधला खिळा झिजला की वरची तळी डुलू लागते, तसाच सैल पिनेवरचा सिलिंडर प्रत्येक धक्क्याला हलतो आणि स्वतःची जागा स्वतःच झिजवतो. म्हणून जाड, घट्ट बसणारी पिन घालतात. टेनेसीचे हॅमिल्टन बोवेन यांच्यासारख्या कारागिरांनी ही कामे शास्त्राच्या पातळीवर नेली. आणि मूठ? रुगरने ऐंशीच्या दशकात बिझली नावाचे मॉडेल काढले, ते कोल्टच्या बिझलीपेक्षा क्रमांक पाचच्या अधिक जवळचे आहे, आणि लाइनबॉ यांची पुष्कळशी रिव्हॉल्व्हर्स त्याच चौकटीवर उभी आहेत. माझ्या मते माणसाने आधी मूठ निवडावी आणि मग कॅलिबर. बहुतेक जण उलटे करतात, बोटाचे पेर सुजवून घेतात आणि शस्त्र कपाटात ठेवतात.

शिकारीत या गोळीचे काम रायफलच्या गोळीहून वेगळे आहे. ती अतिवेगाने फुटून पसरत नाही. कठीण शिशाची, रुंद सपाट नाकाची जड गोळी आकार न बदलता सरळ खोल जाते आणि हाडाला दबत नाही. लाइनबॉ आपल्या मेळाव्यांत हे दाखवण्यासाठी पाण्यात भिजवलेल्या वर्तमानपत्रांच्या गठ्ठ्यांत निरनिराळ्या गोळ्या झाडून त्या किती खोल जातात ते सर्वांसमक्ष मोजत. पण खोल जाणे योग्य जागी लागले तरच उपयोगाचे, आणि म्हणून अंतर कमी ठेवावे लागते. उघड्या साइटने बहुतेक चांगले नेमबाज पन्नास यार्डांच्या आत थांबतात. दुर्बीण लावून शंभरापर्यंत जाणारेही आहेत. मला स्वतःला या रिव्हॉल्व्हरवर दुर्बीण पटत नाही, कारण मग ते कमरेला राहत नाही, आणि प्राण्याच्या जवळ जाण्याची जी विद्या या छंदाचा गाभा आहे ती मागे पडते.

अमेरिकेत राहणाऱ्या आणि या छंदाकडे वळू पाहणाऱ्या मराठी श्रोत्यांना एवढेच सांगणे आहे की सुरुवात .५००ने करू नये. .४५ कोल्टच्या सौम्य काडतुसांवर, कानांना आणि डोळ्यांना संरक्षण लावून, घोडा ओढण्याची आणि चाप सावकाश दाबण्याची सवय प्रथम पक्की करावी. भारी काडतुसे एका बैठकीत मोजकीच झाडावीत, कारण मनगट थकले की डोळा बाराआधीच मिटू लागतो आणि ती खोड नंतर सुटता सुटत नाही. कारागिराकडे काम देताना आपण कोणत्या वजनाची गोळी वापरणार ते आधीच सांगावे, म्हणजे माशीची उंची तो त्याप्रमाणे ठेवतो. जड गोळी नळीत जास्त वेळ राहते, धक्क्याने नळी तोवर वर गेलेली असते, आणि म्हणून ती हलक्या गोळीपेक्षा वर लागते. किमान कॅलिबर, नळीची लांबी आणि हंगाम यांचे नियम प्रत्येक राज्यात निराळे असतात; ते त्या राज्याच्या वन्यजीव खात्याकडून त्याच वर्षी तपासून घ्यावेत.

नमस्कार.