तारो : नदीपासून नोंदवहीपर्यंत

[दृश्य : ढगाळ आकाश. खाली रुंद, संथ नदी, दोन्ही काठांना उंच बांध. बांधावरून सायकलवर जाणारी शाळकरी मुलं.]

जपानमधलं सगळ्यात मोठं खोरं या नदीचं आहे. लांबी ३२२ किलोमीटर. गुन्माच्या डोंगरात उगम, मग टोकियोभोवतीचं कांतोचं सपाट मैदान आणि शेवटी चोशी या गावापाशी प्रशांत महासागर. नकाशात नाव आहे तोने. पण या मैदानातल्या लोकांनी तिला शेकडो वर्षं दुसऱ्याच नावानं ओळखलं : बांदो तारो. बांदो हे कांतोचं जुनं नाव. आणि तारो म्हणजे घरातला थोरला मुलगा.

तिला दोन भाऊही आहेत. दक्षिणेकडच्या क्युशू बेटावरची चिकुगो नदी म्हणजे त्सुकुशी जिरो, दुसरा. शिकोकू बेटावरची योशिनो म्हणजे शिकोकू साबुरो, तिसरा. हे क्रमांक लांबीवरून लावलेले नाहीत. तसं असतं तर १९४ किलोमीटरची योशिनो १४३ किलोमीटरच्या चिकुगोच्या आधी आली असती. आणि देशातली सगळ्यात लांब नदी, शिनानो, तर या भावंडांत धरलेलीच नाही. या तिघांना एकत्र आणलं ते त्यांच्या पुरांनी. ज्या नद्या दरसाल शेतं बुडवायच्या, त्यांना लोकांनी घरातल्या दांडगट पोरांची नावं ठेवली. सप्टेंबर १९४७ मध्ये कॅथलीन वादळात बांदो तारोनं बांध फोडला, तेव्हा पाणी थेट टोकियोच्या पूर्व भागापर्यंत जाऊन पोचलं होतं.

उन्हाळ्यात कांतोच्या आकाशात जे पांढरेशुभ्र गडगडाटी ढग चढतात, त्यांनाही बांदो तारोच म्हणत. क्योतो-ओसाकाकडच्या तशा ढगांना तांबा तारो. म्हणजे जे अंगानं मोठं आणि स्वभावानं आवरायला कठीण, ते तारो.

[दृश्य : कागदावर कुंचल्यानं लिहिली जाणारी दोन अक्षरं.]

नाव दोन अक्षरांचं. पहिलं ‘ता’ : जाड, भरभक्कम, मोठं. दुसरं ‘रो’ : तरुण पुरुष, मुलगा. उच्चारताना शेवटचा ओ जरा लांबवायचा.

मुलांना क्रमानं हाक मारायची ही रीत मूळची चीनची. थांग घराण्याचा सम्राट श्वेनझोंग यालाही ‘तिसरा मुलगा’ अशा अर्थाच्या नावानं हाक मारत. जपाननं ती रीत उचलली आणि तिची पूर्ण माळ ओवली. तारो किंवा इचिरो पहिला. मग जिरो, साबुरो, शिरो, गोरो, रोकुरो, शिचिरो, हाचिरो, कुरो, जुरो. दहापर्यंत सोय झाली. अकरावा झाला तर? त्यासाठीही नाव होतं : योइची. दहाच्या वर एक.

हा अकरावा मुलगा जपानच्या इतिहासातला सगळ्यात नावाजलेला तिरंदाज ठरला. साल ११८५, जागा शिकोकूचा याशिमा किनारा. मिनामोतो आणि ताइरा या दोन घराण्यांचं युद्ध शेवटाकडे आलेलं. युद्धाच्या जुन्या आख्यानात सांगतात, की ताइरांच्या एका नावेवर काठीला पंखा बांधून उभा केला होता. हिंमत असेल तर पाडून दाखवा, असं ते आव्हान. नासू नो योइचीनं घोडा पाण्यात घातला आणि एका बाणात पंखा उडवला. ज्या सेनापतीच्या हुकमावरून त्यानं बाण सोडला, तो योशित्सुनेही नावानं आकडाच होता. योशितोमोचा नववा मुलगा, म्हणून कुरो.

[दृश्य : क्योतोच्या दक्षिणेला, डोंगरावरचं इवाशिमिझु हाचिमान देवस्थान. लाल खांब, पायऱ्या.]

पण इतिहासातला सगळ्यात मोठा तारो याच्याही आधीचा. मिनामोतो नो योशीइए, जन्म १०३९. वयात आल्याचा विधी त्याच्या वडिलांनी इवाशिमिझुच्या देवळात केला. हाचिमान हा युद्धाचा देव. तेव्हापासून योशीइए झाला हाचिमान तारो. पुढच्या भावाचा विधी कामो देवळात, तो कामो जिरो. धाकट्याचा शिन्रा देवापुढे, तो शिन्रा साबुरो. आकडा बापानं दिला आणि त्याआधीचा शब्द देवानं.

आता एक गोष्ट लक्षात घ्यायला हवी, नाहीतर पुढचं सगळं गोंधळाचं वाटेल. योशीइए आणि तारो ही एकाच माणसाची दोन वेगळ्या कामांची नावं होती. योशीइए हे खरं नाव, इमिना. ते उठसूट उच्चारायचं नसे. आईवडील, धनी, फार तर बादशहा, एवढ्यांनाच तो हक्क. बाकीच्यांनी तोंडावर खरं नाव घेणं हा अपमान. आपल्याकडे बायका नवऱ्याचं नाव घेत नसत आणि घ्यायचंच झालं तर उखाण्यात दडवून घेत. तिथं हाच संकोच साऱ्या दरबाराला होता. मग रोज हाक मारायची कशी? तारो, जिरो, साबुरो. क्रमांकात जादू नसते, तो कुणीही घ्यावा.

सामुराई घरात तर नावांची चळतच असे. जन्मल्यावर बाळपणाचं नाव, मग वयात आल्यावर हाकेचं आणि खरं, पुढे हुद्द्याचं, संन्यास घेतला तर धर्माचं आणि मेल्यावर आणखी एक. पुढे साऱ्या जपानचा सत्ताधीश झालेला तोकुगावा इएयासू १५४३ मध्ये जन्मला तेव्हा ताकेचियो होता. मोठा झाल्यावर हाकेचं नाव मिळालं जिरोसाबुरो, म्हणजे दुसरा-तिसरा. प्रत्यक्षात तो थोरला! त्याच्या घराण्यात प्रमुखाला हेच नाव द्यायची चाल पडली होती, म्हणून त्यालाही तेच. आकडा मोजणीतून सुटून वारसाहक्कात गेला की असं होतं. त्याच्या आधीचा असाच एक लष्करी सत्ताधीश, आशिकागा ताकाउजी, त्याचं हाकेचं नाव मातातारो, ‘पुन्हा तारो’. बापही थोरला, लेकही थोरला असला की कोतारो, धाकला तारो, अशीही सोय होती.

[दृश्य : क्योगेनचा रंगमंच. मागे भिंतीवर रंगवलेलं पाइनचं झाड. पिवळसर मोजे घातलेले दोन नट.]

एवढ्या मोठमोठ्या सेनापतींचं नाव, पण जपानी प्रेक्षकाला तारो म्हटल्यावर रंगमंचावर आठवतो तो नोकर. क्योगेन या सहाशे वर्षं जुन्या विनोदी नाट्यात मालकाचा पहिला चाकर तारो काजा आणि दुसरा जिरो काजा. इथंही क्रमांकच. पण इथला तारो मालकापेक्षा हुशार, तोंडाळ आणि खादाड.

त्यातलं एक प्रकरण सगळ्यांना माहीत असतं. मालक बाहेर निघतो. जाताना एक मडकं दाखवून बजावतो, याच्यात जहाल विष आहे, त्याच्यावरून आलेला वारासुद्धा अंगावर घेऊ नका. मालक गेल्यावर तारो पंख्यानं वारा उलटा घालत घालत मडक्यापाशी जातो, झाकण काढतो, बोट बुडवतो. साखर! दोघं मिळून मडकं चाटूनपुसून साफ करतात. आता मालकाला सांगायचं काय? तारो जिरोला घेऊन मालकाचं किमती चित्र फाडतो, मौल्यवान वाडगा फोडतो आणि दोघं रडत बसतात. मालक परत येतो. तारो सांगतो, धनी, कुस्ती खेळताना तुमच्या वस्तू मोडल्या, तोंड कसं दाखवायचं म्हणून मरायचं ठरवलं आणि ते विष खाल्लं. एक घास खाल्ला, मेलो नाही. दोन घास खाल्ले, तरी मेलो नाही...

आमच्या मते हाचिमान तारोच्या सगळ्या लढाया एकीकडे आणि हा तारो एकीकडे. नाव लोकांच्या तोंडी रुळलं ते त्याच्यासारख्यांमुळे.

कथांमध्येही हेच झालं. उराशिमा तारो घ्या. कासवाच्या पाठीवर बसून समुद्रातल्या महालात गेलेला आणि परतल्यावर शेकडो वर्षं उलटलेली पाहणारा कोळी. ७२० साली पुऱ्या झालेल्या ‘निहोन शोकी’ या इतिहासग्रंथात तो आहे, पण तिथं त्याचं नाव उराशिमाको. तारो हे शेपूट लागलं मुरोमाची काळात, म्हणजे सात-आठशे वर्षांनी, जेव्हा ही गोष्ट सामान्य वाचकांसाठी सचित्र पोथ्यांत आली. मोमोतारो पीचच्या फळातून निघाला, कुत्रा-माकड-फेजंट पक्षी घेऊन राक्षसांवर चालून गेला. ओकायामाच्या विमानतळाला आज त्याचं नाव आहे. कुऱ्हाडवाला किन्तारो ५ मेच्या मुलांच्या सणाला बाहुला होऊन घराघरात बसतो. आणि नेतारो नावाचा एक महाभाग तीन वर्षं नुसता झोपून काढतो आणि मग उठून गावाच्या शेतीला पाणी आणतो.

[दृश्य : मेइजी काळातली छायाचित्रं. सरकारी कचेरी, नोंदवह्या.]

मग आलं १८७२. नव्या मेइजी सरकारला कर हवा होता, शाळेत मुलं हवी होती, सैन्यात जवान हवे होते. सहा सहा नावांच्या माणसांची यादी करायची कशी? हुकूम निघाला : हाकेचं नाव किंवा खरं नाव, दोहोंतलं एकच ठेवा. पाठोपाठ दुसरा : ठेवलेलं नाव बदलायचं नाही. १८७५ मध्ये आडनावही सक्तीचं झालं.

देशभर लोकांना निवड करावी लागली. कुणी इमिना ठेवली, कुणी हाक. चोशू संस्थानातल्या एका सामुराईनं हाकेचं नाव ठेवलं. तो कात्सुरा तारो. बाप कात्सुरा योइचीएमोन, हा त्याचा थोरला. १९०१ ते १९१३ या काळात तो तीनदा पंतप्रधान झाला, एकूण २,८८६ दिवस. हा विक्रम मोडायला नोव्हेंबर २०१९ उजाडलं. मोडला शिन्झो आबे यांनी.

बापाच्या नावातला तो ‘एमोन’ पाहिलात? मूळ अर्थ राजवाड्याच्या दरवाजावरचा पहारा, एक सरकारी हुद्दा. पुढे शेतकरी-वाण्यांनीही तो नावाला जोडला. आपल्या घरातली मुलं टीव्हीवर ज्या निळ्या यांत्रिक मांजराला पाहतात, त्या डोरेमॉनच्या नावाची शेपटी हीच. आणि त्याच्या रडतराऊ मित्राच्या, नोबिताच्या नावातलं शेवटचं अक्षर तारोमधलं ‘ता’. भरभक्कम, मोठा. विनोद जपानी वाचकाला लगेच कळतो.

तारो असण्याचा त्या काळी फायदाही होता. १८७३ च्या सक्तीच्या लष्करभरतीत घराचा कर्ता आणि त्याचा वारस यांना सूट होती. थोरला सुटायचा, जिरो आणि साबुरो जायचे. त्यावर तोडगा निघाला दत्तकाचा. मुलगा नसलेल्या घरात कागदोपत्री दत्तक जायचं, वारस व्हायचं आणि बंदूक टाळायची. ‘भरतीचा दत्तक’ असा शब्दच तयार झाला. १८८९ मध्ये सरकारनं ही वाट बंद केली. पण १८९८ च्या दिवाणी कायद्यानं घराची सत्ता आणि मिळकत थोरल्याच्याच हाती ठेवली. हे कलम गेलं दुसऱ्या महायुद्धानंतर, १९४७ च्या दुरुस्तीनं. सगळ्या भावंडांचा वाटा सारखा झाला आणि नावातल्या आकड्याला कायद्यानं काही अर्थ उरला नाही.

मग नावं सैल झाली. बेसबॉलपटू इचिरो सुझुकी, जन्म १९७३. इचिरो म्हणजे पहिला मुलगा. तो आहे दुसरा! थोरल्या भावाच्या नावातही ‘एक’ हे अक्षर आहेच. १९९४ मध्ये त्याच्या संघानं पाठीवर आडनाव टाकायचं सोडून नुसतं ‘इचिरो’ लिहिलं आणि त्याच हंगामात त्यानं २१० फटक्यांचा विक्रम केला. पुढे अमेरिकेत, २००४ मध्ये, एका हंगामात २६२. तो विक्रम अजून कुणाला मोडता आलेला नाही.

आजच्या बाळांत साधा तारो कमी दिसतो. आईबाप रेन, मिनातो, हारुतो अशी नावं ठेवतात. अक्षरं सुंदर, पण एकच अक्षर अनेक परींनी वाचता येतं, म्हणून उच्चार विचारल्याशिवाय कळत नाही. तारोचं काम आता वेगळंच आहे. बँकेत, टपाल कचेरीत भरून दाखवलेला नमुना अर्ज पाहिलात तर त्यावर नाव असतं यामादा तारो. बाईचा असेल तर यामादा हानाको.

[दृश्य : नगरपालिकेची खिडकी. रांगेत उभी माणसं, हातात टपालानं आलेली सूचना.]

आणि कायदा समजावून सांगायलाही तारोच लागला. जपानच्या कुटुंब नोंदवहीत पूर्वी फक्त अक्षरं असायची, उच्चार नसायचा. २०२३ मध्ये कायदा बदलला आणि २६ मे २०२५ पासून उच्चारही नोंदला जाऊ लागला. अक्षरांशी काही संबंध नसलेला उच्चार चालणार नाही, अशी अट. मग चालणार नाही म्हणजे काय, याची उदाहरणं मसुदा करणाऱ्यांनी दिली. तारो लिहून मायकेल वाचायचं, जॉर्ज वाचायचं, चालणार नाही. तारो लिहून जिरो किंवा साबुरो वाचायचं, तेही नाही; लिहिताना चूक झाली की वाचताना, हेच कळणार नाही.

नगरपालिकांनी घरोघर सूचना धाडल्या : तुमच्या नावाचा उच्चार आम्ही असा धरला आहे, चुकीचा असेल तर वर्षाच्या आत कळवा. रेन, मिनातो, हारुतोंच्या आईबापांनी ती नीट वाचली असणार. तारोंना त्यात तपासण्यासारखं फारसं काही नव्हतं.