चाको सोडून गेलेली माणसं

[दृश्य: अ‍ॅरिझोनाचं पठार. पुढे एका जळक्या तुळईच्या तुकड्याचा अगदी जवळून घेतलेला फोटो.]

22 जून 1929. अमेरिकेतल्या अ‍ॅरिझोना राज्यातलं शो लो हे खेडं. तिथल्या एका जुन्या वस्तीच्या ढिगाऱ्यात एमिल हौरी आणि लिंडन हारग्रेव्ह या दोन पुरातत्त्वज्ञांना अर्धवट जळालेली एक तुळई सापडली. जळकं लाकूड ते, हलवताना भुगा व्हायचा. म्हणून दोऱ्याने बांधून घेतलं आणि त्यावर क्रमांक टाकला: एचएच-39.

त्या संध्याकाळी अँड्र्यू डग्लस नावाचा माणूस या तुकड्यातली वर्तुळं मोजत बसला. डग्लस मुळात खगोलशास्त्रज्ञ. सूर्यावरच्या डागांचं चक्र आणि पृथ्वीवरचा पाऊस यांचा काही मेळ लागतो का, हे त्याला बघायचं होतं. पावसाच्या शेकडो वर्षांच्या नोंदी आणायच्या कुठून? त्याने झाडांना विचारायचं ठरवलं. झाड दरवर्षी एक वर्तुळ वाढतं. पाऊस चांगला झाला की वर्तुळ रुंद, दुष्काळ पडला की अरुंद. एका प्रदेशातली झाडं एकच पाऊस बघतात, त्यामुळे रुंद-अरुंद वर्तुळांचा क्रमही सगळ्यांमध्ये सारखाच उमटतो. आजच्या झाडाचा क्रम जुन्या घराच्या वाशाशी जुळवायचा, त्या वाशाचा त्याहून जुन्या वाशाशी, असं करत डग्लस तेराव्या शतकापर्यंत मागे पोचला होता.

त्याच्याकडे दुसरीही एक साखळी होती, 585 वर्षांची. ती ओसाड पडलेल्या दगडी वस्त्यांच्या तुळयांवरून जुळवलेली होती. म्हणजे कुठली वस्ती आधीची, कुठली नंतरची हे सांगता येत होतं. पण त्या नेमक्या कधीच्या, हे कुणालाच ठाऊक नव्हतं, कारण या दोन साखळ्यांचा सांधा जुळत नव्हता.

एचएच-39 ने तो जुळवला. या तुळईचं सगळ्यांत आतलं वर्तुळ इसवी सन 1237 चं निघालं. एका रात्रीत अमेरिकेच्या नैर्ऋत्य भागातल्या कितीतरी वस्त्यांना तारखा मिळाल्या. कळलं असंही की दोन साखळ्यांमध्ये खरं तर खिंडार नव्हतंच. त्या थोड्याशा एकमेकींवर येत होत्या, पण जिथे येत होत्या तिथली वर्तुळं इतकी बारीक होती की ती जुळली असं छातीठोकपणे म्हणता येत नव्हतं. ती वर्षं होती तेराव्या शतकाच्या अखेरची. ती वर्तुळं इतकी बारीक का, तिकडे आपण येणार आहोत.

[दृश्य: चाको दरी, वरून. अर्धवर्तुळाकार इमारतीचे अवशेष.]

न्यू मेक्सिको राज्याच्या वायव्येला चाको नावाची उथळ दरी आहे. वर्षाकाठी जेमतेम वीस-बावीस सेंटीमीटर पाऊस. हिवाळ्यात कडाक्याची थंडी, उन्हाळ्यात डोकं फोडणारं ऊन. झाडं म्हणाल तर नावाला. आणि अशा या दरीत नवव्या शतकाच्या मध्यापासून पुढची तीनशे वर्षं माणसं दगडी इमारती बांधत होती. त्यातली सर्वांत मोठी प्यूब्लो बोनिटो: साडेसहाशेच्या आसपास खोल्या, काही भागांत चार मजले. बांधणाऱ्यांकडे लोखंड नव्हतं, चाक नव्हतं, ओझ्याचं जनावर नव्हतं.

भिंतीजवळ जाऊन बघू या.

[दृश्य: भिंतीचा दर्शनी भाग, कॅमेरा संथपणे सरकतो.]

मध्ये दगड-मातीचा गाभा आणि दोन्ही बाजूंनी वाळूच्या दगडाच्या चपट्या चिपांचा दर्शनी थर. मोठ्या चिपांची एक ओळ, मग बोटाएवढ्या जाडीच्या चिपांच्या तीन-चार ओळी, पुन्हा मोठी ओळ. प्रत्येक चीप दगडानेच ठोकून सरळ केलेली. तळमजल्यावर भिंत जाड, वर जावं तशी ती निमुळती होत गेलेली, म्हणजे पहिला दगड रचतानाच वर किती मजले चढवायचे हे ठरलेलं होतं. आणि एवढं नक्षीदार काम झाल्यावर त्यावर मातीचा गिलावा! चीप बसवणाऱ्याचं कसब पुढे कुणाला दिसणारसुद्धा नव्हतं. तरीही त्याने ते काम असं केलं. या भिंतीसमोर मान आपोआप लवते.

छपरांना तुळया हव्यात. चाकोतल्या मोठ्या इमारतींना मिळून दोन लाखांहून जास्त झाडं लागली, असा अंदाज आहे. दरीत तर झाडं नव्हती. मग आली कुठून? उत्तर पुन्हा वर्तुळांतच मिळालं. 2015 साली अ‍ॅरिझोना विद्यापीठाच्या संशोधकांनी तुळयांमधल्या वर्तुळांचे क्रम आसपासच्या डोंगरांतल्या झाडांशी ताडून पाहिले. साधारण 1020 पर्यंतची बरीचशी झाडं दक्षिणेकडच्या झुनी डोंगरांतली निघाली आणि त्यानंतरची पश्चिमेकडच्या चुस्का डोंगरांतली. दोन्ही ठिकाणं सत्तर-पंचाहत्तर किलोमीटर लांब. झाड दगडी कुऱ्हाडीने तोडायचं, साल काढायची, वाळवायचं आणि माणसांनी वाहून आणायचं. कोलोरॅडो विद्यापीठातल्या काही जणांनी हे स्वतः करून बघितलं. कपाळावरून पट्टा घेऊन साठ किलोंचा ओंडका त्यांनी पंचवीस किलोमीटर चालत नेला. जमतं ते. पण दोन लाख वेळा जमवायला नुसतं बळ पुरत नाही. एवढी माणसं एका कामाला लावणारी काहीतरी व्यवस्था लागते, आणि ती मानणारी माणसं लागतात.

त्या व्यवस्थेची झलक काही खोल्यांत मिळते. एका खोलीत उंच, सरळ घाटाची शंभरावर मातीची भांडी एकत्र ठेवलेली होती. ती कशासाठी होती हे शतकभर कोडंच होतं. 2009 साली पॅट्रिशिया क्राऊन या पुरातत्त्वज्ञ बाईंनी अशा भांड्यांच्या खापऱ्यांची रासायनिक तपासणी करून घेतली आणि त्यांत थिओब्रोमिन सापडलं, म्हणजे कोकोची खूण. कोकोची झाडं दोन हजार किलोमीटर दक्षिणेला, मेक्सिकोच्या उष्ण जंगलांत. तिथूनच लाल मकाव पोपटही यायचे, तेही जिवंत! रोज खायला घालत, थंडीवाऱ्यापासून जपत एवढी वाट तुडवून पक्षी आणणारा माणूस डोळ्यांसमोर आणून बघा.

[दृश्य: किवाचं गोल बांधकाम, वरून.]

आणि या सगळ्याच्या मधोमध किवा. जमिनीत खोदलेली गोल दालनं. मध्ये चूल, भिंतीलगत बसायला कट्टा, बऱ्याच ठिकाणी जमिनीत एक लहानसं भोक, त्याला सिपापू म्हणतात. माणसं खालच्या जगातून या जगात वर आली ती वाट म्हणजे सिपापू. या भागातले मूळ रहिवासी असलेल्या प्यूब्लो लोकांच्या गावांत किवा आजही वापरात आहेत. त्यांच्यात काय चालतं हे बाहेरच्यांना सांगायचं नसतं, म्हणून आपणही दारापाशीच थांबू.

1130 नंतर चाकोवर जवळपास पन्नास वर्षांचा कोरडा काळ आला. बांधकामं थांबली. लोक पांगले. वस्तीचं वजन उत्तरेकडे सरकलं, सॅन हुआन नदीच्या खोऱ्याकडे आणि आजच्या कोलोरॅडोतल्या मेसा व्हर्डेकडे. तिथे 1190 च्या सुमारास माणसं पठारावरून खाली उतरून कड्याच्या कपारींत घरं बांधू लागली. क्लिफ पॅलेस म्हणून जिचे फोटो सगळीकडे दिसतात, ती वस्ती त्यांतलीच. दीडशे खोल्या, वर दगडाचं भलंमोठं छत.

त्या फोटोंत थंडी दिसत नाही. ती निभावायची कशी, याचं उत्तर युटा राज्यातल्या एका संग्रहालयात आहे: टर्की या कोंबडीसारख्या मोठ्या पक्ष्याच्या पिसांचं आठशे वर्षांपूर्वीचं पांघरूण. युक्का या झुडपाच्या तंतूंची दोरी वळायची, तिच्यावर मऊ पिसं गुंडाळत जायची आणि मग त्या दोरीचं पांघरूण विणायचं. मीटरभर लांब-रुंद पांघरुणाला 180 मीटर दोरी आणि सुमारे साडेअकरा हजार पिसं लागतात, असा हिशेब संशोधकांनी 2020 मध्ये मांडला. ही पिसं पाळलेल्या टर्कींची. त्या पक्ष्यांचा धागा धरून ठेवा, तो पुढे कामी येणार आहे.

[दृश्य: झाडाच्या वर्तुळांचा क्लोजअप. बारीक, एकमेकांना चिकटलेल्या रेषा.]

आता त्या बारीक वर्तुळांकडे. 1276 ते 1299. तेवीस-चोवीस वर्षं पाऊस धड झाला नाही. पावसाच्या भरवशावर मका, घेवडा आणि भोपळा पिकवणारी ही शेती. कणगीत दोन-तीन वर्षांचा मका साठवता येतो, वीस वर्षांचा नाही. पण एकट्या दुष्काळावर सगळं ढकलता येणार नाही. याआधीचे दुष्काळ याच लोकांनी काढले होते. या वेळी वस्ती दाट झाली होती, शिकार घटली होती, भांडणं पेटली होती. मेसा व्हर्डेच्या पश्चिमेला कॅसल रॉक नावाच्या वस्तीत झालेल्या कत्तलीचे अवशेष मिळाले आहेत. 1285 च्या सुमारास मेसा व्हर्डे रिकामं झालं होतं.

आणि इथून पुढे एक खोटी गोष्ट सुरू होते.

डिसेंबर 1888. रिचर्ड वेदरिल आणि चार्ली मेसन हे दोघे चुकलेली गुरं शोधत होते. पठाराच्या टोकावरून त्यांना पलीकडच्या कपारीत क्लिफ पॅलेस दिसला. त्या भागातल्या यूट लोकांना या वस्त्या ठाऊक होत्याच, तरी वर्तमानपत्रांत ‘शोध’ लागला तो या दोघांना. मग प्रश्न आला, हे बांधणारे गेले कुठे? उत्तर तयार होतं: रहस्यमयरीत्या नाहीसे झाले. आजही इंटरनेटवर हेच ऐकायला मिळतं, वर परग्रहवासीयांची फोडणी. त्याआधीच्या गोऱ्या वसाहतकऱ्यांना तर या भिंती स्थानिक ‘इंडियनां’नी उभारल्या हे पटतच नव्हतं. म्हणून न्यू मेक्सिकोतल्या एका गावाचं नाव अ‍ॅझ्टेक पडलं. अ‍ॅझ्टेकांचा त्या गावाशी काडीचा संबंध नाही.

बांधणारे नाहीसे झाले म्हटलं की मागे राहिलेल्या वस्तूंना मालक उरत नाही. 1891 साली गुस्ताफ नॉर्डेनशेल्ड या तरुण स्वीडिश संशोधकाने मेसा व्हर्डेत उत्खनन केलं. काम नेटकं, नोंदी उत्तम. पण पेट्या भरून आगगाडीत चढवताना डुरँगो गावात त्याला अटक झाली आणि लगेच सुटकाही झाली, कारण वस्तू नेण्याविरुद्ध कायदाच नव्हता. तो कायदा आला 1906 मध्ये. तोवर पेट्या युरोपात पोचल्या होत्या. त्या अखेर फिनलंडच्या राष्ट्रीय संग्रहालयात विसावल्या. त्यात माणसांचे सांगाडेही होते.

खरं तर ‘गेले कुठे’ याचं उत्तर हाकेच्या अंतरावर होतं. माणसं दक्षिणेला आणि पूर्वेला चालत गेली: रिओ ग्रांदे नदीकाठी, झुनीला, अ‍ॅकोमाच्या उंच कातळावर, होपींच्या पठारांवर. स्पॅनिश लोक सोळाव्या शतकात आले तेव्हा ही गावं नांदती होती. याच गावांनी 1680 मध्ये पोपे नावाच्या पुढाऱ्यामागे एकजूट करून स्पॅनिशांना न्यू मेक्सिकोतून हाकलून दिलं आणि बारा वर्षं परत पाय ठेवू दिला नाही. आज न्यू मेक्सिकोत एकोणीस प्यूब्लो, म्हणजे या लोकांची गावं, आहेत, अ‍ॅरिझोनात होपी आहेत. आमचे पूर्वज कुठल्या वाटेने आले, कुठे थांबले, हे त्यांच्या घराण्यांच्या कथांत पहिल्यापासून आहे. कुणी बसून ऐकत नव्हतं, एवढंच.

आता टर्की. 2017 मध्ये मेसा व्हर्डे भागातल्या आणि रिओ ग्रांदेच्या उत्तर खोऱ्यातल्या जुन्या टर्कींच्या हाडांतला डीएनए ताडून पाहिला गेला. 1280 नंतर रिओ ग्रांदेकाठी जे पक्षी दिसतात, त्यांचं वाण मेसा व्हर्डेच्या पक्ष्यांशी जुळतं. गाव सोडताना माणसांनी पक्षी बरोबर घेतले होते. आजच्या टेवा-भाषक प्यूब्लोंचे पूर्वज मेसा व्हर्डेकडून आले, या म्हणण्याला त्याने बळ मिळालं.

[दृश्य: प्यूब्लो बोनिटोतली एक लहान, बिनछपराची खोली.]

त्याच वर्षी दुसरा एक निबंध आला. प्यूब्लो बोनिटोच्या 33 क्रमांकाच्या खोलीत, जेमतेम दोन मीटर लांब-रुंद जागेत, चौदा जणांना पुरलं होतं. त्यांच्याबरोबर पिरोजाचे हजारो मणी. 1896 साली उकरून त्यांना न्यू यॉर्कच्या संग्रहालयात नेलं गेलं. संशोधकांनी त्यांचा डीएनए तपासला, तेव्हा नऊ जण एकाच आईच्या वंशातले निघाले. तीनशेहून अधिक वर्षं त्या घराण्याचा मान आईकडून पुढे जात होता. निष्कर्ष मोठाच आहे. पण ज्यांचे हे पूर्वज, त्या प्यूब्लोंना तपासणीआधी कुणी विचारलं नव्हतं. त्यावर टीका झाली, आणि ती रास्तच होती. चौदा जणांची शवं ही कुणाच्या तरी घरची माणसं आहेत.

2020 मध्ये फिनलंडने वीस जणांचे अवशेष आणि त्यांच्यासोबत पुरलेल्या 28 वस्तू परत केल्या. होपी, झुनी, अ‍ॅकोमा आणि झिया या समाजांच्या प्रतिनिधींनी त्यांना मेसा व्हर्डेत पुन्हा मातीत ठेवलं.

[दृश्य: सांग्रे दे क्रिस्तो डोंगररांग, पायथ्याशी पिकुरिस गाव.]

पिकुरिस हा न्यू मेक्सिकोच्या उत्तरेकडचा छोटासा प्यूब्लो, वस्ती काहीशे माणसांची. या गावाने स्वतःहून शास्त्रज्ञांशी संपर्क साधला. अटी गावाने घातल्या: काम प्रत्येक टप्प्यावर आम्हाला दाखवायचं, आणि आम्ही थांबा म्हटलं की थांबायचं. गावातल्या तेरा हयात माणसांचा आणि गावच्याच जुन्या दफनांतल्या सोळा जणांचा डीएनए तपासला गेला. 2025 च्या एप्रिलमध्ये निष्कर्ष छापून आले. पिकुरिसची आजची माणसं त्या सोळा जणांची वंशज आहेत, आणि दोघांचंही प्यूब्लो बोनिटोत पुरलेल्या माणसांशी जवळचं नातं आहे.

गावाला हे आधीपासून माहीत होतं. मग पुरावा कशाला हवा होता? चाकोच्या भोवती तेल आणि वायू आहे. 2023 मध्ये अमेरिकेच्या सरकारी जमिनी सांभाळणाऱ्या अंतर्गत खात्याच्या तेव्हाच्या मंत्री डेब हालंड, ज्या स्वतः लगुना प्यूब्लोच्या, त्यांनी चाकोभोवतालच्या दहा मैलांतल्या सरकारी जमिनीवर वीस वर्षं नवे तेल-वायू पट्टे द्यायचे नाहीत, असा आदेश काढला. शेजारच्या नाव्हाहो राष्ट्राने, म्हणजे नाव्हाहो या दुसऱ्या मूळनिवासी समाजाच्या स्वशासनाने, विरोध केला, कारण तिथल्या कित्येक कुटुंबांना अशा पट्ट्यांचं उत्पन्न मिळतं आणि त्यांचं घर त्यावर चालतं. चाकोचं पुढे काय करायचं हे ठरवताना पिकुरिसला आपलं म्हणणं मांडायचं आहे. तिथे फक्त आजीने सांगितलेली गोष्ट घेऊन गेलं तर ती गोष्टच धरली जाते, हे त्यांनी पिढ्यान्‌पिढ्या अनुभवलंय. म्हणून या वेळी ते दोन्ही घेऊन निघालेत, गोष्टही आणि तिच्या जोडीला प्रयोगशाळेतला कागदही.